प्रमुख भूमिका : किमान पाच

कोठी कचेरीबाहेर, लिंबाखाली माझं टेबल.
अर्ज, प्रतिज्ञापत्र, नावातली दुरुस्ती.
पानाला वीस रुपये. मराठीत सांगा,
गुजरातीत लिहून देतो.

इंदुप्रभा खानविलकर, वय अठ्ठ्याहत्तर, रावपुरा.
वृद्ध कलाकार मानधनाचा फॉर्म घेऊन आल्या,
बसण्याआधी पदराने स्टूल पुसलं,
आणि मला वाटलं, ह्यांना मी कुठेतरी
हेच करताना पाहिलंय.

रकाना सातवा : प्रमुख भूमिका. किमान पाच.

"प्रमुख नाही हो एकही," त्या म्हणाल्या.
"बाकीच्या लिहा. बाकीच्या पुष्कळ आहेत."

नर्स अकरा वेळा.
नऊ वेळा तेच वाक्य : डॉक्टरसाहेब, पेशंट शुद्धीवर आला.
दहाव्या वेळी पेशंट आलाच नाही, त्यामुळे वाक्यही गेलं.
शेजारीण. विहीण. पोस्टातली बाई.
एकदा न्यायाधीश, पण हातोडी दुसऱ्या सेटवर गेलेली,
म्हणून वरवंट्याने टेबल ठोकलं; पडद्यावर कळत नाही.
एका मालिकेत नुसती कणीक मळली, सात टेक.
तोच गोळा रात्री घरी आणला.
"टाकवेना. पोळ्या मात्र चिवट झाल्या."

टेलिफोन एक्स्चेंजची रात्रपाळी संपवून
पहाटेच्या गाडीने अहमदाबाद, पिशवीत स्वतःच्या चार साड्या,
त्यातली एक कायम पांढरी.
"विधवेला कंपनी साडी देत नाही.
यजमान प्रतापनगरच्या वर्कशॉपात धडधाकट,
आणि मी गाडीत कुंकू पुसतेय."

दिग्दर्शक म्हणायचा, बेन, तुमचा च दाताला लागतो.
चमचो म्हणा. चमचो.
त्यांनी महिनाभर आरशासमोर चमचो केला.
मग पुण्याच्या नाट्यस्पर्धेत परीक्षकांनी लिहिलं :
अभिनय सहज, उच्चार गुजराती वळणाचे.
तो कागद अजून आहे म्हणाल्या. जोडू का?
मी म्हटलं, नको.

एका मालिकेत तिसऱ्याच भागात वारल्या.
पुढे दोन वर्षं दिवाणखान्यात फोटो, चंदनाचा हार.
भिंतीवर टांगलेल्याचे पैसे मिळत नाहीत.
"मी विचारलं होतं. हसले."
मध्येच दूधवालीचं काम निघालं, त्याच घरात.
डोक्यावर पदर ओढा, फोटोकडे पाठ करा, एवढीच सूचना.
"पण तपेली ठेवताना बघितलंच मी वर.
बरी दिसत होते."

एवढं सगळं रकान्यात मावेना.
मी जादा पान जोडलं. त्याचे वीस घेतले नाहीत,
तर रागावल्या, ठेवले टेबलावर, वर पेपरवेट ठेवलं.

हयातीचा दाखला जोडावा लागतो, आणि फोटो.
फोटो त्यांच्याकडे एकच धड.
मालिका संपल्यावर भिंतीवरून उतरवून मागून आणलेला.
दांडिया बाजारातल्या स्टुडिओवाल्याने लहान करून दिला,
पण कापताना पाहिलं, खांद्यावर
हाराचा एक पदर राहिलाच आहे.
आणखी कापला तर कान जातो.
"राहू दे," त्या म्हणाल्या. "माळ आहे म्हणून सांगू."

टेबल सोडून मी खिडकीपर्यंत गेलो, कधी जात नाही.
रांगेतली एक बाई सारखी वळून बघत होती,
शेवटी म्हणाली, तुम्ही मिनाक्षीच्या मावशी ना?
मिनाक्षी कोण ते त्यांनाही आठवेना.
हो म्हणाल्या.

आतल्या माणसाने फोटो बघितला, मग बाईंना बघितलं,
मग परत फोटो.
तमे ज ने? म्हणजे, तुम्हीच का? जिवंत?

इंदुप्रभाबाई गजाला एक हात लावून उभ्या राहिल्या.
थांबल्या.
असा थांबा त्यांना कुठल्याच संहितेत
कोणी लिहून दिला नव्हता.
रांग चुळबुळली. मागून कोणीतरी ओरडलं,
बेन, जल्दी करो.

त्यांनी जल्दी केली नाही.